जुनी चित्रफीत आणि मंचावरचा कलाकार: पहिल्या प्रयोगाची पूर्वतयारी

मंचावर एक नट किंवा नर्तिका, मागे पडद्यावर शंभर वर्षांपूर्वीची चित्रफीत. ही रचना आपल्याकडे नवी नाही. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९० च्या दशकात ‘शांबरिक खरोलिका’चे, म्हणजे जादूच्या कंदिलाचे, खेळ केले, तेव्हा पडद्यावर हलणारी चित्रं आणि समोर बोलणारा माणूस अशीच मांडणी होती. अमेरिकेत व्यंगचित्रकार विन्सर मॅके १९१४ मध्ये पडद्यावरच्या डायनोसॉरला हुकूम सोडत असे आणि तो ते पाळतो आहे असं प्रेक्षकांना वाटे. डायनोसॉर अर्थातच काही पाळत नव्हता. मॅकेला चित्रफितीची लय पाठ होती.

या कामाचं मर्म तिथंच आहे. चित्रफीत थांबत नाही, सावरून घेत नाही, तुमचं वाक्य विसरलं तर पुढचं वाक्य देत नाही. जुळवून घ्यायचं ते सगळं तुम्हालाच. म्हणून चित्रफितीचा वेग, लांबी आणि चौकट आधी पक्की करायची आणि मगच तालमीला उभं राहायचं. बहुतेक नवे गट उलट क्रमाने जातात. आधी प्रसंग बसवतात आणि फुटेज शेवटच्या आठवड्यात आणतात. मग त्या फुटेजचा वेग दुरुस्त केला की महिनाभर बसवलेल्या हालचाली मोडतात.

सुरुवात दीड मिनिटाने करा

पहिल्या प्रयोगात ९० सेकंदांपेक्षा जास्त फुटेज घेऊ नका. ते तिथं कशासाठी आहे, हे एका वाक्यात लिहून काढा. ते जागा आणि काळ दाखवतं, तुमचा जोडीदार होतं, की पुरावा म्हणून उभं राहतं? जोडीदार म्हणून वापरायचं तर त्यात नजर हवी, पुरावा म्हणून वापरायचं तर वर्ष आणि ठिकाण खात्रीचं हवं. नुसतं ‘वातावरण’ म्हणून लावलेलं फुटेज प्रेक्षक अर्ध्या मिनिटात पाहायचं सोडतात, आणि तेवढ्यात तुमच्यावरचं लक्षही जातं.

सरावाला फाळक्यांच्या मूकपटांइतकं चांगलं साहित्य नाही. ‘कालिया मर्दन’च्या (१९१९) आरंभी मंदाकिनी फाळके कॅमेऱ्यासमोर चेहऱ्यावर एकामागून एक भाव दाखवते. चेहरा मोठा आहे, नजर स्पष्ट आहे, कट कमी आहेत. ‘राजा हरिश्चंद्र’मधला जलक्रीडेचा प्रसंग वेगळ्या कारणाने उपयोगी आहे. तारामती झालेले अण्णा साळुंके आणि सख्याही पुरुषच, त्यामुळे स्त्रीभूमिका करणाऱ्या नटाला त्यांच्या देहबोलीशी थेट बोलता येतं. मात्र या चित्रपटाची उपलब्ध रिळं १९१३ ची की फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची, याबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत. श्रेयनामावलीत ‘१९१३’ असं ठोकून लिहू नका.

फुटेजची वही

फुटेज हाती आलं की आधी एका वहीत प्रत्येक शॉटची नोंद करा: सुरुवातीचा टाइमकोड (चित्रफितीतली नेमकी वेळ), सेकंदांत लांबी, माणसं किती, हालचाल डावीकडून उजवीकडे की उलट, आणि कोण कुठं बघतंय. शेवटचा रकाना सर्वांत महत्त्वाचा. पडद्यावरचा माणूस चौकटीच्या डाव्या बाजूला बघत असेल तर तुमची जागाही प्रेक्षकांच्या डावीकडे. तो खाली बघत असेल तर तुम्ही बसलेले असायला हवं. नजर चुकली की दोन काळांचा संवाद होत नाही, दोन वेगळे कार्यक्रम एकाच मंचावर चालल्यासारखं दिसतं.

हक्क

भारतीय कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम २६ नुसार चित्रपटाचा हक्क प्रकाशनानंतरच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं टिकतो. १९६० मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटाचा हक्क ३१ डिसेंबर २०२० ला संपला. सरकारी कृतींनाही, म्हणजे फिल्म्स डिव्हिजनच्या माहितीपटांना, कलम २८ प्रमाणे प्रकाशनापासून ६० वर्षंच. पण चित्रपट मोकळा झाला म्हणजे त्यातलं सगळं मोकळं झालं असं नाही. गाण्याचे शब्द आणि संगीत यांवर कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं हक्क राहतो. १९५५ च्या चित्रपटाचं दृश्य तुम्ही आवाज बंद करून दाखवू शकाल, पण त्यातलं गाणं वाजवायला परवानगी लागेल, असं सहज घडतं.

तीन गैरसमज नव्या मंडळींना वारंवार अडचणीत आणतात. पहिला, ‘यूट्यूबवर आहे म्हणजे वापरता येतं’. ब्रिटिश पाथे या जुन्या बातमीपट कंपनीचा संग्रह तिथं पाहायला खुला आहे, प्रयोगात लावायला परवाना घ्यावा लागतो. दुसरा, ‘तिकीट नाही म्हणजे परवानगी नको’. हौशी संस्थांच्या विनामूल्य प्रयोगाला कलम ५२ मध्ये जी सवलत आहे ती साहित्य, नाटक आणि संगीत यांच्यासाठी. चित्रपटाचा त्यात उल्लेख नाही. तिसरा, ‘हक्क संपला म्हणजे प्रत फुकट’. संग्रहालय तुम्हाला प्रत देतं ते कराराने, आणि करारातल्या अटी हक्क संपल्यावरही बांधील असतात.

म्हणून परवान्यात चार गोष्टी लेखी घ्या: किती प्रयोग, कुठल्या देशांत, किती वर्षं, आणि प्रयोगाचं चित्रीकरण करून ते ऑनलाइन टाकता येईल का. चौथी बाब हमखास राहते. देशांची बाबही विसरू नका. अमेरिकेतल्या बृहन्महाराष्ट्र मंडळाच्या अधिवेशनाचं निमंत्रण आलं आणि परवाना फक्त भारतापुरता निघाला, तर फुटेज काढून टाकण्यावाचून पर्याय उरत नाही. महाराष्ट्रात नाट्यप्रयोगाची संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवताना प्रत्येक चित्रफितीचं वर्णन आणि लांबी संहितेतच लिहा.

फुटेज शोधायची पहिली जागा पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. १९६४ मध्ये स्थापन झालेली ही संस्था आणि मुंबईची फिल्म्स डिव्हिजन, दोन्ही २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. अर्जात ‘जुनी मुंबई हवी’ असं लिहून काही हाती लागत नाही. चित्रपटाचं नाव, वर्ष, कुठला प्रसंग, किती सेकंद आणि कशासाठी, हे लिहा. मुक्त वापराचं साहित्य हवं असेल तर इंटरनेट आर्काइव्हवरचा प्रेलिंगर संग्रह पाहा, पण तो मुख्यतः अमेरिकन आहे. ब्रिटिश कुटुंबांनी भारतात घेतलेल्या घरगुती फिल्मा केंब्रिजच्या सेंटर ऑफ साउथ एशियन स्टडीजकडे आहेत. त्या ऑनलाइन पाहता येतात, वापरासाठी विचारावं लागतं.

प्रत मागताना

पाहण्यापुरती एच.२६४ ची छोटी फाइल घ्या, तीवर टाइमकोड छापलेला असावा. अंतिम कामासाठी प्रोरेस ४२२ एचक्यू ही मोठी, दर्जेदार फाइल मागा. त्याबरोबर तीन प्रश्न विचारा: स्कॅन चौकटीमागे चौकट (एकेक फ्रेम) झालं आहे का, वेगात आधीच काही बदल केला आहे का, आणि मूळ चौकट पूर्ण आहे की रुंद पडद्यासाठी वरून-खालून कापलेली. मिळालेली मूळ फाइल उघडून त्यात काहीही बदलू नका. तीन प्रती करा, एक दुसऱ्या इमारतीत ठेवा.

व्हीएचएस, यू-मॅटिक किंवा बीटाकॅम अशा व्हिडिओ टेपवरून आलेलं साहित्य असेल तर हलत्या कडांना कंगव्यासारखे दाते दिसतील. ते सेकंदाला ५० अर्ध्या चौकटींचं चित्रण आहे. डीइंटरलेस करताना, म्हणजे अर्ध्या चौकटींच्या पूर्ण चौकटी करताना, २५ ऐवजी ५० चौकटींची फाइल काढा, हालचाल गुळगुळीत राहते. ७२० × ५७६ ची ४:३ फाइल चौरस पिक्सेलवर ७६८ × ५७६ होते. हे केलं नाही तर सगळी माणसं बारीक आणि उंच दिसतात.

वेग: इथं सर्वांत जास्त वेळ द्या

मूकपट हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्यावर घेतले जात. वेग साधारण सेकंदाला १६ ते २० चौकटी, आणि तोही शॉटागणिक बदलणारा. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३,७०० फूट सांगितली जाते. २४ च्या वेगाने ती ४१ मिनिटांत संपते, १६ च्या वेगाने जवळजवळ ६२ मिनिटं चालते. जुनी माणसं तुरुतुरु चालताना दिसतात ती चुकीच्या वेगामुळे. तुमच्या मंचावरच्या संथ, खऱ्या हालचालीशेजारी ती तुरुतुरु चाल लावली की प्रेक्षक हसतात, आणि पडद्यावरच्या त्या माणसांची नाहक चेष्टा होते.

दुरुस्ती अशी करा. फाइल एकेक चौकट पुढं सरकवून पाहा. दर दोन-तीन चौकटींनी एखादी चौकट दोनदा येत असेल तर कुणीतरी आधीच ती फाइल लांबवली आहे. त्या दुबार चौकटी काढा, मगच वेग बदला. प्रत्येक चौकट वेगळी असेल आणि फाइल सेकंदाला २५ चौकटींची असेल, तर १६ चा वेग म्हणजे ६४ टक्के, १८ चा म्हणजे ७२ टक्के.

एक हिशेब मात्र ध्यानात ठेवण्यासारखा आहे. प्रोजेक्टर ५० हर्ट्झवर (सेकंदाला ५० वेळा चित्र दाखवत) चालवला आणि फुटेज ६६.७ टक्क्यांवर, म्हणजे सेकंदाला १६.६७ चौकटींवर ठेवलं, तर प्रत्येक चौकट बरोबर तीन वेळा दिसते. धक्का बसत नाही. ५० चौकटींची फाइल काढून हेच पक्कं करून टाका. ६० हर्ट्झवर हाच सुबक मेळ २० च्या वेगाला बसतो.

बरोबर वेग कोणता ते घागरीतून पडणारं पाणी, खाली येणारा पदर आणि पावलं पाहून ठरवा. सहज चालणारा माणूस मिनिटाला साधारण ११० ते १२० पावलं टाकतो. प्रत्येक शॉटचा वेग स्वतंत्र ठरवा आणि वहीत लिहा.

संगणकाकडून मधल्या चौकटी ‘तयार’ करून घेऊ नका. बोटं वितळतात, कडा थरथरतात. कृत्रिम बुद्धिमत्तेने चेहरे स्पष्ट करणं आणि रंग भरणं याला तर आमचा स्पष्ट नकार आहे. तो चेहरा मग त्या माणसाचा राहत नाही, यंत्राने अंदाजाने रचलेला होतो, आणि तुम्ही त्याच्या डोळ्यांत बघून अभिनय करणार असता. ओरखडे राहू द्या. चौकट फार हलत असेल तर तेवढी स्थिर करा. तेही संपूर्ण नको, निम्म्याने पुरे.

संकलन कलाकाराच्या सोयीने

प्रत्येक तुकड्याच्या आधी एक सेकंद काळं आणि शेवटी किमान पाच सेकंद जादा चित्र ठेवा. जिथं तुमच्या संवादाची लांबी रोज थोडी बदलते, तिथं फिरत राहणारा तुकडा हवा. वाहतं पाणी, हलणारी पानं, धुराडं यांची सुरुवात आणि शेवट जुळवता येतात. चालणाऱ्या माणसांचा फिरता तुकडा कधीच करू नका, दुसऱ्या फेरीला प्रेक्षक ओळखतात. मूकपटातल्या मजकुराच्या पाट्या कापण्याआधी विचार करा. पाटी तुम्ही मोठ्याने वाचू शकता, आणि ती वाचण्याचा वेळ ही तुमच्या जागा बदलण्याची उत्तम संधी आहे.

४:३ चं चित्र १९२० × १०८० मध्ये बसवलं की १४४० पिक्सेल चित्र आणि दोन्ही बाजूंना २४० पिक्सेल काळं उरतं. ओढून रुंद करू नका. ते काळे पट्टे म्हणजे तुमच्या उभं राहण्याच्या जागा आहेत.

मंचाची मापं

प्रोजेक्टरचा थ्रो रेशो म्हणजे अंतर भागिले चित्राची रुंदी. ४ मीटर रुंद चित्र आणि १.५ रेशो असेल तर प्रोजेक्टर ६ मीटरवर. चित्राची उंची २.२५ मीटर. पडद्याची खालची कड जमिनीपासून १.५ मीटरवर आणि प्रोजेक्टरची लेन्स ४ मीटर उंचीवर टांगली, तर पडद्यापासून दीड मीटर पुढं किरणांची खालची हद्द साधारण २.१ मीटरवर असते. म्हणजे सरासरी उंचीचा कलाकार तिथं नुसता उभा राहिला तर सावली पाडत नाही, हात पूर्ण उंचावला तर मात्र बोटं किरणांत येऊ शकतात. अर्ध्या मीटरवर तीच हद्द १.७ मीटरवर उतरते, तिथं हात वर केला की सावली पडते. पडद्याजवळ गेल्यावर सावली वाढते, हे लक्षात न आल्यामुळे अनेक कलाकार सावली टाळायला मागं सरकतात आणि आणखी अडकतात. पडद्यापासून दीड मीटरवर जमिनीवर पांढऱ्या चिकटपट्टीने रेघ मारा.

५००० ल्युमेनचा प्रोजेक्टर ९ चौरस मीटरवर साधारण ५५० लक्स देतो. मंचावरच्या दिव्यांचा पडद्यावर सांडणारा उजेड याच्या एक दशांशापेक्षा कमी हवा, नाहीतर कृष्णधवल चित्रातला काळा रंग राखाडी होतो आणि चेहरे पुसले जातात. यासाठी समोरचे दिवे जवळजवळ बंद ठेवून विंगेतून साइड लाइट वापरा, डोक्याच्या उंचीवर, बार्नडोअर (दिव्याच्या झडपा) पडद्याच्या बाजूने बंद. कलाकाराचे कपडे पूर्ण पांढरे नकोत, शेजारचं चित्र त्यांच्यासमोर मळकट दिसतं.

चालवणं

चित्रफीत चालवायला मॅक असेल तर क्यूलॅब, विंडोजवर रेझोल्यूम ही सॉफ्टवेअर. फाइल प्रोरेस किंवा हॅप या फॉरमॅटमध्ये काढा, रेझोल्यूमसाठी डीएक्सव्हीमध्ये. एच.२६४ च्या फाइलला मधूनच सुरू व्हायला वेळ लागतो, क्यू उशिरा पडतो. लॅपटॉपचं आउटपुट आपोआप ६० हर्ट्झवर असतं. २५ किंवा ५० चौकटींच्या फाइलसाठी ते ५० वर आणा, नाहीतर कॅमेरा आडवा फिरतो तिथं चित्र अडखळेल. दुसरा पडदा ‘एक्सटेंड’ ठेवा, ‘मिरर’ नको. डेस्कटॉपचं चित्र काळं करा. इंटरनेट, सूचना, स्क्रीनसेव्हर, अपडेट बंद.

प्रोजेक्टरचा काळा रंग काळा नसतो. ब्लॅकआउटमध्ये पडद्यावर राखाडी चौकोन तरंगताना दिसतो आणि फुटेज येणार हे प्रेक्षकांना आधीच कळतं. प्रोजेक्टरचं शटर वापरा. ते नसेल तर लेन्ससमोर पुठ्ठ्याची झडप आणि ती उचलायला दोरी, एवढ्याने काम भागतं.

१५ मीटरहून लांब साध्या एचडीएमआय केबलवर विसंबू नका. लांब अंतरासाठीची एचडीबेसटी किंवा एसडीआय जोडणी घ्या. प्रोजेक्टर चित्र काही चौकटी उशिरा दाखवतो, २५ च्या वेगात एक चौकट म्हणजे ४० मिलिसेकंद. टाळीचा एक शॉट लावून आवाज आणि चित्र जुळवा, मागच्या रांगेत बसून.

तालीम

मुख्य अडचण साधी आहे: पडदा तुमच्या पाठीशी आहे आणि तुम्हाला तो दिसत नाही. वळून बघणं हा उपाय नाही. प्रत्येक वेळी वळलात की प्रेक्षकांना कळतं, तुम्ही वाट बघताय.

आधी बसून, आवाज न करता, फुटेज इतक्या वेळा बघा की डोळे मिटून कुठला शॉट चालू आहे ते सांगता यावं. मग सेकंदांऐवजी मात्रांत मोजा. ज्याला तीनतालाची किंवा केरव्याची सवय आहे त्याला दहा मात्रांनी उजवीकडे वळणं सोपं जातं, ‘सहा पूर्णांक चार दशांश सेकंदांनी’ वळणं अशक्य. मिनिटाला ६० मात्रांची लय धरली तर मात्रा म्हणजे सेकंद, वहीशी हिशेब जुळतो. त्यानंतर भिंतीवर खऱ्या मापाचं चित्र पाडून जागा पक्क्या करा. पडद्यावरच्या व्यक्तीकडे बघायचं तेव्हा तिच्या डोळ्यांकडे बघू नका. पडद्याच्या अलीकडे, तुमच्या रेषेत एक खूण ठरवा आणि तीनचतुर्थांश वळून तिथं बघा. प्रेक्षकांना तुमचा चेहराही दिसतो आणि नजर जुळलेलीही वाटते.

शेवटच्या टप्प्यात मंचाच्या पुढच्या कडेला, प्रेक्षकांकडे पाठ करून एक छोटा मॉनिटर ठेवा. तो आधारापुरता. वीज, केबल, काहीही जाऊ शकतं, म्हणून किमान दोन तालमी मॉनिटर बंद ठेवून करा. आणि एक तालीम चित्राशिवाय, फक्त मात्रांवर. तंत्रज्ञाने त्या वेळी फाइल स्वतःच्या पडद्यावर चालवावी आणि शेवटी तुम्ही किती मागं-पुढं गेलात ते सांगावं. ९० सेकंदांत एका सेकंदाच्या आत असाल तर तयार आहात.

चित्र गोठलं तर काय, हेही बसवून ठेवा. तंत्रज्ञ शटर बंद करेल, साइड लाइट थोडा वाढेल, तुम्ही प्रसंग शब्दांत पूर्ण कराल. त्यासाठी ४० सेकंदांचं पर्यायी निवेदन पाठ हवं.

पडद्यावरच्या माणसांबद्दल

गोदीतले हमाल, गिरणीच्या दारातल्या बाया, दुष्काळी छावणीतली मुलं यांना कुणी विचारून चित्रित केलेलं नाही. वसाहतकाळच्या फिल्मांतल्या पाट्या अनेकदा त्यांना जातीच्या किंवा जमातीच्या नमुन्यासारखं मांडतात. ती पाटी तशीच लावायची तर मंचावरून तिला उत्तर द्या, नाहीतर कापा. एका ठिकाणचं फुटेज दुसऱ्या ठिकाणाचं म्हणून कधीही लावू नका. कलकत्त्याची गर्दी मुंबईची म्हणून खपवली की ओळखणारा प्रेक्षक पुढचं काहीच खरं मानत नाही. प्रयोगपत्रिकेत चित्रपट, वर्ष, छायाचित्रणाचं ठिकाण आणि संग्रह यांची नावं द्या, वेग बदलला असेल तर तेही लिहा.

प्रयोगाच्या दिवशी

नाट्यगृह किमान चार तास आधी ताब्यात घ्या. आधी प्रोजेक्टर, मग दिवे, मग कलाकार, हा क्रम मोडू नका. दिवे आधी लावले की प्रोजेक्टर जागच्या जागी बसवायला शिडी फिरत नाही. दुसऱ्या लॅपटॉपवर तीच फाइल त्याच जागी थांबवून ठेवा. पहिल्या घंटेआधी चित्र एकदा पूर्ण चालवा आणि शटर बंद करा.

प्रयोग संपल्यावर तंत्रज्ञाने प्रत्येक क्यू किती मागं-पुढं पडला ते वहीत लिहावं. दुसऱ्या नाट्यगृहात गेलात की अंतर आणि उंची बदलते, म्हणून दीड मीटरची रेघ, मॉनिटरची जागा आणि टाळीची चाचणी हे तिन्ही पुन्हा करा. फाइलला हात लावू नका.